टीव्हीवर विनोदी नट व्हायचंय, नोकरी सोडू का?

प्रश्न असा आला आहे: "वय २५. डोंबिवलीत राहतो, ठाण्यात एका कंपनीच्या बॅक ऑफिसला आहे. कॉलेजात तीन वर्षं एकांकिका केल्या, दोनदा विनोदी अभिनयाचं बक्षीस मिळालं. मित्र म्हणतात तू हास्यजत्रेतच पाहिजेस. नोकरी सोडून टीव्हीवर विनोदी नट म्हणून उतरावं का? हे काम किती वर्षं चालतं? पैसे कसे मिळतात? आणि ऑडिशनला जाताना मिशी ठेवू की काढू?"

वयाने लहान आहेस म्हणून अरे-तुरे करतो, नाटकवाल्यांची सवय आहे, राग मानू नकोस. मिशीचं शेवटी सांगतो.

नोकरी आत्ता सोडू नकोस. हे मी काकासारखं काळजीपोटी सांगत नाहीये, हिशेबाने सांगतोय. मी परळच्या चाळीत वाढलो. वडील गिरणीत होते, ८२च्या संपानंतर घर आईच्या डब्यांवर चाललं. त्यामुळे मी नाटकात जातो म्हटल्यावर घरात "तुला अभिनय येतो का" असं कोणी विचारलंच नाही. "महिन्याला किती?" एवढंच विचारलं. मी अकरा वर्षं एका सहकारी बँकेच्या काउंटरवर बसलो आणि संध्याकाळी तालमी केल्या. पुढे टीव्हीवर माझी जी दोन-तीन पात्रं चालली, ती सगळी त्या काउंटरच्या पलीकडे उभी असलेली माणसं आहेत. पासबुक भरून घ्यायला रोज येणारे एक आजोबा होते. खात्यात व्यवहार काहीच नसायचा, पण ओळ छापून हवी असायची. त्यांच्यावर मी एक पूर्ण सीझन काढला. लक्ष्मीकांत बेर्डे गिरगावात साहित्य संघात नोकरीला होते, प्रशांत दामले बेस्टमध्ये. नोकरी हा अडथळा आहे असं आपल्याला वाटतं. निरीक्षणाची ती फुकटची शाळा असते, हे नोकरी सुटल्यावर कळतं.

आता मुद्द्याचं. टीव्हीवरचा विनोद म्हणजे बकासुर आहे. गाडाभर अन्न, दोन रेडे आणि वर गाडीवान, दर आठवड्याला. नाटकात काय होतं बघ. १९८० साली रंगभूमीवर आलेल्या 'वस्त्रहरण'चे पाच हजारांवर प्रयोग झाले. दामले १२,५०० प्रयोगांचा टप्पा पार करून गेले. म्हणजे एकदा सापडलेला हशा वर्षानुवर्षं घासूनपुसून वापरता येतो. शंभराव्या प्रयोगाला तो पहिल्यापेक्षा नेमका झालेला असतो. टीव्हीवरचं स्किट बारा-पंधरा मिनिटांचं, आणि त्याचा प्रयोग एकच. आठवड्याला दोन स्किटं धर, वर्षाला शंभर होतात. बारा मिनिटांनी गुणलंस तर वीस तास. दोन अंकी नाटक अडीच तासांचं म्हटलं, तर वर्षाला आठ नाटकं झाली! कुठल्याही नटाने वर्षात आठ नवी नाटकं पाठ करून उभी केलेली मला माहीत नाहीत. टीव्हीवाला ते करतो, आणि लोक म्हणतात "हल्ली पूर्वीसारखी मजा नाही."

म्हणून तुझा खरा प्रश्न "मला लोकांना हसवता येतं का" हा नाहीच. ते येत असणार, दोन बक्षिसं आहेत. एकांकिकेसाठी तुझ्या ग्रुपने तीन महिने तालीम केली, एका भूमिकेवर तीन महिने. टीव्हीवर सोमवारी विषय ठरतो, बुधवारी संहिता हातात येते आणि शनिवारी तू मेकअपला बसलेला असतोस. शनिवारचं चांगलं झालं तरी पुढच्या सोमवारी पुन्हा पाटी कोरी. हे तीन वर्षं झेपेल का, असं स्वतःला विचार.

ज्यांना झेपलं त्यांच्याकडे नीट बघ. बहुतेकांना लिहिता येतं. 'चला हवा येऊ द्या' २०१४च्या ऑगस्टमध्ये सुरू झालं आणि २०२४पर्यंत चाललं. निलेश साबळे त्याचं फक्त सूत्रसंचालन करत नव्हता, लेखन-दिग्दर्शनही त्याचंच होतं. हास्यजत्रेत समीर चौघुले स्वतः लिहितो, प्रसाद खांडेकर लिहितो आणि नाटकंही बसवतो. दिलीप प्रभावळकरांचं उदाहरण तर सगळ्यात जुनं आणि सगळ्यात मोठं. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं, आणि त्याच दशकाच्या शेवटी त्यावर त्यांचा 'चिमणराव' आला. त्यानंतर त्यांना जन्मभर चिमणराव म्हणून फिरता आलं असतं, लोकांनी आनंदाने फिरवलं असतं. त्यांनी स्वतः 'हसवाफसवी' हे नाटक लिहिलं, त्यात एकट्याने सहा भूमिका केल्या, आणि २००१मध्ये 'श्रीयुत गंगाधर टिपरे' मालिकेत टिपऱ्यांचे आबा होऊन पुन्हा घराघरात गेले. तेव्हा अल्फा मराठी, म्हणजे आताचं झी मराठी, येऊन जेमतेम दोन वर्षं झाली होती. ज्या पोरांनी चिमणराव बघितलाच नव्हता, त्यांनाही ते आजोबा आपले वाटले. दोन पात्रांमध्ये वीसेक वर्षं आहेत. करिअर म्हणतात ते हे.

तू लिहीत नसशील तर आजपासून लाग. रोज एक पान. चांगलं लिही असं म्हणत नाही, रोज लिही म्हणतोय.

लिहिण्याचा आणि हसवण्याचा संबंध किती जवळचा असतो ते एका उदाहरणाने सांगतो. भांडुपच्या एका सोसायटीची मीटिंग, विषय पाण्याची बोंब, असं आमचं एक स्किट होतं. त्यात बायकोचं वाक्य होतं: "आमच्या ह्यांनी लग्नाच्या पंचविसाव्या वाढदिवसाला मला दोनशे लिटरचं पिंप भेट दिलं." कल्पना बरी आहे. रीडिंगला कोणी हसलं नाही. दोनदा वाचलं, तीनदा वाचलं, नाहीच. दोष आपल्या मराठीच्या रचनेत होता. क्रियापद शेवटी येतं, त्यामुळे "पिंप" कानावर पडेपर्यंत "भेट दिलं" येऊन त्याच्यावर बसतं आणि हशा गुदमरतो. शिवाय "दोनशे लिटरचं" आधीच येऊन चाहूल देतं. आम्ही वाक्य मोडलं. "पंचविसावा वाढदिवस लग्नाचा. हे म्हणाले, डोळे मिट. मिटले. म्हणाले, उघड. उघडले. समोर पिंप." आता हशा आला. पण खरी गंमत आमच्या नटीने केली. तिने हशा ओसरू दिला, पदर सारखा केला, आणि सोन्याच्या पाटल्या किती तोळ्यांच्या ते सांगावं अशा थाटात म्हणाली, "दोनशे लिटरचं." पहिल्या हशापेक्षा हा मोठा आला. कल्पना तीच, फक्त शब्दांच्या जागा बदलल्या आणि मध्ये दीड सेकंद गेला.

त्याच स्किटमध्ये नवऱ्याचं काम करणारा नट नवा होता, तुझ्याच वयाचा. पहिल्या टेकला ती "समोर पिंप" म्हणाली आणि त्याच क्षणी याने मान खाजवली. कॅमेऱ्यामागच्या अर्ध्या लोकांचे डोळे त्याच्याकडे गेले, लाफ्टर फाटला. आमच्याकडे याला 'पंच खाणं' म्हणतात, आणि ज्याचा पंच खाल्ला जातो त्याच्या ते जन्मभर लक्षात राहतं. दुसऱ्याच्या पंचला पुतळा होऊन उभं राहता येणं, हे नव्या मुलाचं पहिलं क्वालिफिकेशन. तुला सुरुवातीला वेटर, वॉचमन, कुरिअरवाला अशीच कामं मिळतील, दोन वाक्यांची. तिथे स्वतःच्या पदरचं तिसरं वाक्य टाकून छाप पाडायला जाऊ नकोस. दिग्दर्शक बघत असतो तो वेगळंच: हा समोरच्याचं ऐकतो का?

स्टेजवरून टीव्हीवर येणाऱ्यांची अजून एक खोड असते. तू गडकरी रंगायतनच्या बाल्कनीतल्या शेवटच्या माणसापर्यंत आवाज पोचवायला शिकलेला असशील. इथे माइक तुझ्या छातीवर आहे आणि कॅमेरा नाकासमोर. नाट्यगृहात भुवई उडवायला लागते, इथे नुसती हलली तरी पुरते. आणि बाजूचा नट बोलत असताना तू "फ्रेममध्ये नाही" असं समजून पाणी पिऊ नकोस, पाच-सहा कॅमेरे लागलेले असतात, एकतरी तुझ्यावर असतोच.

स्टुडिओतल्या प्रेक्षकांबद्दलही गैरसमज काढून टाक. एसी मरणाचा थंड, सकाळपासून बसवलेली माणसं, तिसऱ्या स्किटपर्यंत त्यांचं लक्ष जेवणाच्या पाकिटाकडे. तुझं स्किट सातवं लागलं तर रात्रीचे आठ वाजलेले असतात आणि समोर पेंगुळलेले चेहरे. हशा नंतर एडिटला वाढवतात, हे खरं आहे. पण त्या हशासाठी जागा तुलाच सोडावी लागते, समोर सन्नाटा असताना. न आलेल्या हशासाठी थांबणं फार अवघड असतं. पहिल्यांदा माझ्या कपाळावर घाम आला होता, त्या एसीत.

आता शिरकाव कसा करायचा. एकांकिकांचं वर्तुळ सोडू नकोस. आयएनटी, लोकांकिका, सवाई या स्पर्धांना कार्यक्रमांचे लेखक-दिग्दर्शक आणि त्यांचे सहायक येऊन बसलेले असतात. चतुरंगची सवाई २५ जानेवारीच्या रात्रभर चालते, तिथे पहाटे चहाच्या रांगेत झालेल्या ओळखींवर मी माणसांना कामं मिळालेली बघितली आहेत. १९९३चं 'ऑल द बेस्ट' हे आधी आमच्या परळच्या एम. डी. कॉलेजची एकांकिकाच होती. मी तेव्हा शेजारच्या कॉलेजात होतो आणि आम्ही जळून खाक झालो होतो. त्यातून भरत जाधव, अंकुश चौधरी, संजय नार्वेकर पुढे आले. स्पर्धेचं वय गेलं असलं तरी एखाद्या हौशी ग्रुपमध्ये राहा, राज्य नाट्य आहे, कामगार कल्याणची स्पर्धा आहे. ऑडिशनला दुसऱ्याचं गाजलेलं स्किट करू नकोस. तीन मिनिटं स्वतःचं काहीतरी ने, त्यात तुझी डोंबिवली दिसू दे. आणि व्हॉट्सॲपवर "चॅनलसाठी कास्टिंग, रजिस्ट्रेशन फी अमुक" असं आलं की डिलीट. काम देणारा पैसे मागत नाही.

बोलीचं एक. मालवणी, आगरी, वऱ्हाडी, कोल्हापुरी, एखादी तरी येत असेल तर सोनं आहे. भारत गणेशपुरेंची वऱ्हाडी बघ, ती पाठ केलेली वाटत नाही, कारण ते अमरावतीकडचेच आहेत. पण नुसतं वाक्याच्या शेवटी "गो" लावून मालवणी होत नाही. मी एकदा आगरी बोललो, म्हणजे मला तसं वाटलं. दुसऱ्या दिवशी पनवेलहून एका मावशींचा फोन आला. त्यांनी मला अर्धा तास शुद्ध आगरीत झापलं. त्या अर्ध्या तासात मी जेवढी आगरी शिकलो तेवढी आधी आयुष्यात शिकलो नव्हतो.

समजा पात्र लागलं. एखादं वाक्य लोकांच्या तोंडी बसलं, कल्याण स्टेशनवर पोरं तुला बघून ते ओरडायला लागली. इथून धोका सुरू होतो. लेखक तुझ्यासाठी लिहिणं थांबवतात आणि त्या वाक्यासाठी लिहायला लागतात. तू एंट्री घ्यायची, वाक्य टाकायचं, टाळी घ्यायची. सहा महिने मजा येते. मग गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात, आणि एका गुरुवारी चॅनलचे क्रिएटिव्हवाले म्हणतात, "जरा याला ब्रेक देऊ या." माझ्या अंदाजाने एका पात्रावर दोन वर्षं निघतात, एका कार्यक्रमावर फार तर पाच-सात. दहा वर्षं चाललेला कार्यक्रम हा अपवाद, आणि तोही बंद होतो तेव्हा नट, लेखक, मेकअपदादा, स्पॉटदादा सगळे एकाच दिवशी रिकामे होतात.

करार वाच. मी वाचला नव्हता. एका निर्मात्याकडे पासबुकवाल्या आजोबांचं पात्र केलं, सही करताना पानं उलटली तेवढीच. कार्यक्रम संपल्यावर गणपतीत एका मंडळाची सुपारी, म्हणजे पैसे घेऊन करायचा कार्यक्रम, घेतली, मंडळाने फ्लेक्सवर पात्राचं नाव आणि माझा त्या वेशातला फोटो छापला. चौथ्या दिवशी वकिलाचं पत्र. पात्राचं नाव, वेश, बोलण्याची ढब, सगळं करारानुसार त्यांच्या मालकीचं. माझ्या काउंटरवरचे आजोबा, आणि मालक तिसराच! कॉपीराइट कायद्यात २०१२च्या दुरुस्तीने कलाकाराच्या रॉयल्टीचा हक्क आला आहे, पण करारात तू काय लिहून दिलं आहेस, यावरच पुढचं सगळं अडतं. त्यामुळे पात्र तू घरून घेऊन आला असशील तर ते आधी कागदावर लिही, तारीख टाक, स्वतःलाच मेल करून ठेव, आणि सही करायच्या आधी एखाद्या वकिलाला दाखव. त्याची फी सुपारीपेक्षा कमीच असते.

पैशाचं. एपिसोडमागे किंवा दिवसामागे ठरतात आणि साधारण ९० दिवसांनी येतात, दहा टक्के टीडीएस कापून. म्हणजे जानेवारीत काम केलंस तर एप्रिलात बिल निघणार, आणि मधल्या काळात गाडीखर्च तुझा. माझा पहिला चेक १,३५० रुपयांचा होता, दीड हजारांतून टीडीएस गेला. तो आला तोवर मी कोणत्या स्किटचे आहेत हेच विसरलो होतो. एका निर्मात्याने तर चौदा एपिसोडांचे बुडवलेच. बिलं मागायला गेलो की ऑफिसातला मुलगा चहा द्यायचा. चांगला असायचा चहा.

सुरुवातीला कार्यक्रमाच्या पैशावर घर चालेल असं धरू नकोस. कार्यक्रम तुला चेहरा देतो, कमाई बाहेर होते: गणेशोत्सव, नवरात्र, कंपन्यांचे वार्षिक दिवस, नगरसेवकांची हळदीकुंकवं, परदेशातली महाराष्ट्र मंडळं, आणि नाटक मिळालं तर नाइट, म्हणजे प्रयोगामागचं मानधन. जूनपासून गणपतीपर्यंत हात रिकामे राहतात, तेवढे तीन महिने बाजूला काढून ठेवायचे. वर्षाची उलाढाल २० लाखांच्या वर गेली की जीएसटी, तोवर चांगला सीए शोधलेला असावा. आणि रिटर्न पहिल्या वर्षापासून भर. घरासाठी कर्ज मागायला गेलास की मॅनेजर आधी सेल्फी घेतो, मग सॅलरी स्लिप मागतो.

एक मधली अवस्था येते, तिची कोणी कल्पना देत नाही. तोंड ओळखीचं झालेलं असतं आणि गाडी घेण्याइतके पैसे नसतात. सकाळच्या गर्दीच्या लोकलमध्ये दारात लटकलेला तू, आणि चार जण म्हणतात, "काय हो, तुम्ही ट्रेनने?" वर "एक जोक होऊन जाऊ द्या." त्या दिवशी घरात काय घडलंय त्यांना माहीत नसतं. माझे वडील गेले त्याच्या तिसऱ्या दिवशी मला शूट होतं. गेलो, केलं. त्यात काही थोर नाही, स्किटमध्ये अजून चार जणांच्या तारखा होत्या. पण त्या एपिसोडचा व्हिडिओ अजून फिरतो आणि तो लागला की मी खोलीबाहेर जातो.

तू तरी मुलगा आहेस. मुलींना हे सगळं असतंच, वर लेखक त्यांना बायको, सासू आणि कामवाली यांपलीकडे लिहीत नाहीत. विशाखा सुभेदार, नम्रता संभेराव, श्रेया बुगडे यांनी मिळालेल्या चौकटीला धडका मारून जागा केली. त्यात आम्ही पुरुष साड्या नेसून त्यांची अर्धी कामं खातो. तमाशाच्या गौळणीतल्या मावशीपासून पुरुष बाईचं सोंग घेत आला आहे, हे मान्य. पण मावशीला बोलायला काहीतरी असायचं. नुसतं पदर डोक्यावर घेऊन ठुमकणं हा संहिता कच्ची असल्याचा पुरावा असतो, आणि मी हे स्वतः सतरा वेळा साडी नेसून म्हणतोय.

तर नोकरीचं असं कर. अजून दोन वर्षं ठाण्याला जात राहा, शनिवार-रविवार तालमींना दे, रोज एक पान लिही. एखाद्या कार्यक्रमात आत घेतलं तर आधी बिनपगारी रजा मिळते का बघ. सहा महिन्यांचा घरखर्च बँकेत पडला आणि सलग दहा आठवडे तुला लेखकाकडे "माझ्याकडे एक विषय आहे" असं म्हणत जाता आलं, की राजीनामा लिही. तोपर्यंत ऑफिसातल्या त्या चिडक्या टीम लीडरकडे नीट लक्ष दे, तो कामाला येईल.

आणि मिशी काढ. लागली तर मेकअपदादा दोन मिनिटांत चिकटवतात. पण शनिवारी रात्री आठ वाजता साडी नेसायची वेळ आली, तर सेटवर वस्तरा कोणाकडेच नसतो.